गोष्ट पुढे कुठे जाणार हे माहीत नसताना घर उभारायचं : टीव्हीच्या प्रॉडक्शन डिझायनरचं काम

संध्याकाळी सातपासून रात्री साडेदहापर्यंत महाराष्ट्रातल्या लाखो घरांत आणखी एक घर उघडं असतं, मालिकेतलं. त्या घराचा जिना कुठून वर जातो, देव्हारा कोणत्या कोपऱ्यात आहे, सासूबाईंच्या खोलीच्या दारातून स्वयंपाकघर दिसतं की नाही, हे नेमाने मालिका बघणाऱ्याला सख्ख्या नातेवाइकांच्या घरापेक्षा जास्त पाठ असतं. प्रत्यक्षात त्या घराला बहुतेकदा छत नसतं आणि स्वयंपाकघरातल्या नळाला पाणी नसतं. जिना चढून पात्र ज्या ‘वरच्या’ खोलीत जातं, ती खोली अनेकदा त्याच मजल्यावर, थोड्या अंतरावर बांधलेली असते. भिंत पुढून रंगवलेली आणि मागून उघडा प्लायवुड.

हे घर कसं असावं हे ठरवणारा माणूस म्हणजे प्रॉडक्शन डिझायनर. मराठी मालिकांच्या श्रेयनामावलीत तो बहुतेक वेळा ‘कलादिग्दर्शक’ म्हणून येतो. ही नावं पाट्यांवर इतक्या झरझर सरकतात की प्रेक्षकाला ती वाचायलाही मिळत नाहीत. म्हणून या कामाबद्दल एक गैरसमज पक्का बसला आहे, की हा माणूस सेट ‘सजवतो’. सजावट हा त्याच्या कामाचा शेवटचा आणि सगळ्यात सोपा भाग आहे. टीव्हीत त्याची खरी कसोटी निराळीच असते. जी गोष्ट अजून लिहूनच झालेली नाही, तिच्यासाठी त्याला जागा बांधायची असते.

सिनेमाचा डिझायनर कामाला लागतो तेव्हा पटकथा हातात असते. कोणत्या खोलीत काय घडणार, कुठलं दार कोण लाथेने उघडणार, शेवटी घर जळणार की विकलं जाणार, सगळं ठाऊक असतं. रोजच्या मालिकेत वाहिनीने मान्य केलेली एक कल्पना असते, मुख्य पात्रं असतात, सुरुवातीच्या काही आठवड्यांचं कथानक असतं. पुढचं टीआरपीवर. मालिका शंभर भागांत गुंडाळली जाईल किंवा हजार भाग चालेल. त्या हजार भागांत त्याच दिवाणखान्यात लग्नं लागतील, बारशी होतील, पोलीस येतील, वाटण्या होऊन मधे भिंत उभी राहील, मेलेला समजलेला मुलगा दारात येऊन उभा राहील. यातलं बरंचसं सेट बांधताना लेखकालाही माहीत नसतं. तरी ते सगळं त्याच चौकटीत मावलं पाहिजे.

नावाचा थोडा इतिहास

‘प्रॉडक्शन डिझायनर’ हे पद हॉलिवूडमध्ये विल्यम कॅमेरॉन मेन्झिस यांच्यामुळे रुळलं. 1939 च्या ‘गॉन विथ द विंड’मध्ये त्यांनी सेटच्या पलीकडे जाऊन रंग, चौकट, प्रकाश असं सगळं दृश्यरूप आखलं होतं. ऑस्करने मात्र ‘कलादिग्दर्शन’ हे पारितोषिकाचं नाव बदलून ‘प्रॉडक्शन डिझाइन’ करायला 2012 साल उजाडू दिलं.

आपल्याकडे हे काम त्याच्याही आधीपासून होत आलं आहे. नाटकांचे पडदे रंगवणाऱ्या कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी मूकपटांच्या काळात रंगवलेल्या पडद्यांऐवजी खरी खोली असलेले, माणसं वावरू शकतील असे सेट उभे केले. त्यांच्याच हाताखाली तयार झालेले विष्णुपंत दामले आणि फत्तेलाल पुढे ‘प्रभात’ फिल्म कंपनीचे भागीदार झाले. ‘प्रभात’च्या पुण्यातल्या त्याच जागेवर आज एफटीआयआय ही चित्रपट आणि टीव्हीचं शिक्षण देणारी संस्था आहे आणि तिथे कलादिग्दर्शन व प्रॉडक्शन डिझाइनचा अभ्यासक्रम शिकवला जातो. या विषयाचं घराणं शोधायला मराठी माणसाला हॉलिवूडपर्यंत जायची गरज नाही, एवढंच.

कामाची वाटणी साधारण अशी असते. प्रॉडक्शन डिझायनर मालिकेचं एकूण रूप ठरवतो. त्यासाठी तो दिग्दर्शक, छायालेखक आणि वेशभूषाकार यांच्याशी आधी बसतो, कारण नायिकेच्या साड्या मोरपंखी असतील तर तिच्या मागची भिंत मोरपंखी असून चालत नाही. कलादिग्दर्शक ते रूप नकाशे, मापं आणि खर्चाच्या अंदाजात उतरवतो. सहायक बाजार पालथा घालतात आणि सेटवर उभे राहतात. सुतार, रंगारी, पीओपीवाले, कापडकाम करणारे, प्रॉपर्टी (सेटवरच्या वस्तू) सांभाळणारे आणि सेटिंगची मुलं ते प्रत्यक्षात आणतात. मोठ्या वेबमालिकांत ही पदं वेगवेगळी असतात. रोजच्या मालिकेत वरची दोन्ही पदं बहुतेक एकाच माणसाच्या डोक्यावर असतात.

सेट जवळून बघताना

मालिकेच्या घराची भिंत म्हणजे लाकडी पट्ट्यांच्या चौकटीवर ठोकलेला प्लायवुड. या तुकड्याला फ्लॅट म्हणतात. प्लायचा बाजारात मिळणारा तक्ता 8 फूट बाय 4 फुटांचा असतो, त्यामुळे डिझायनरच्या डोक्यात भिंतीची लांबीसुद्धा चारच्या पाढ्यात चालते. माप थोडं चुकलं तर अख्खा तक्ता कापावा लागतो आणि खर्च वाढतो. भिंतीला मागून तिरके टेकू दिलेले असतात. ते कच्चे राहिले तर रागावलेल्या नायकाने दार आपटलं की अख्खी भिंत थरथरते, आणि तो थरकाप कॅमेऱ्यात स्पष्ट दिसतो.

छत नसतं, कारण दिवे वरून सोडलेले असतात आणि ते बदलणारी माणसं वरच्या फळ्यांवरून फिरत असतात. पण प्रेक्षकाला छत ‘आहे’ असं वाटलं पाहिजे. म्हणून एखादी तुळई, पंख्याचा दांडा, भिंतीच्या वरच्या कडेची नक्षीची पट्टी एवढंच दाखवलं जातं. बाकीचं काम आपला मेंदू करतो. खिडकीबाहेरचं आकाश आणि समोरची इमारत म्हणजे एक मोठं छापील चित्र असतं. मागून उजेड टाकला की दिवस, उजेड कमी करून निळसर केला की रात्र.

जमिनीचा प्रश्न सगळ्यात बोलका आहे. कॅमेऱ्याची ट्रॉली सरकत खोलीत जायची असेल तर फरशी सपाट हवी. आणि मराठी घराला तर उंबरठा हवाच. त्याशिवाय नवी सून माप ओलांडणार कशी? काढता-घालता येणारा उंबरठा हा त्यावरचा उपाय. गृहप्रवेशाच्या भागात तो बसवायचा, हळदी-कुंकू लावायचं, आणि ट्रॉली शॉटच्या वेळी उचलून बाजूला ठेवायचा. आता कामात काटेकोरपणा कुठे लागतो बघा. उंबरठ्यावर कुंकवाची बोटं कुठे उमटली होती याचा फोटो सहायकाच्या मोबाइलमध्ये नसेल, तर पुढच्या दृश्यात ती बोटं सरकतात. चाळीस प्रेक्षकांना ते कळत नाही आणि एकेचाळिसावा लगेच कमेंट टाकतो.

भिंतीवरचे फोटो हा असाच बारीक मामला. फोटोच्या काचेत दिवे चमकतात, कधी कॅमेरामनच दिसतो. म्हणून फ्रेमच्या मागे वरच्या बाजूला कागदाची घडी खोचून ती किंचित पुढे झुकवतात, किंवा काचच काढून टाकतात. पांढराशुभ्र रंग भिंतीला देत नाहीत, कारण तो कॅमेऱ्यात भगभगतो आणि समोरच्या चेहऱ्यावरचं लक्ष उडतं. आणि नवीन रंगवलेली भिंत कधीच नवीन ठेवायची नसते. ज्या घरात तीन पिढ्या नांदल्या त्या घराच्या विजेच्या बटणाभोवती मळकट वलय असतं, गॅसमागच्या भिंतीवर तेलकट पिवळेपणा असतो, खुर्चीची पाठ जिथे घासते तिथे रंग उडालेला असतो. हे ‘जुनं करणं’ पातळ रंग, चहाचं पाणी, सँडपेपर आणि फडकं यांनी केलं जातं. माझ्या मते डिझायनर चांगला की सामान्य हे इथेच कळतं. झुंबर कुणीही भाड्याने आणू शकतो. बटणाभोवतीचं वलय आठवायला आधी घरं नीट पाहिलेली असावी लागतात.

दूरदर्शनच्या सुरुवातीच्या काळात तर रंगच नव्हता. मुंबई केंद्र 2 ऑक्टोबर 1972 ला सुरू झालं आणि रंगीत प्रसारण आलं 1982 मध्ये. कृष्णधवल पडद्यावर सारख्याच गडदपणाचा लाल आणि हिरवा एकसारखेच करडे दिसतात, म्हणून तेव्हाचे डिझायनर रंगाचा विचार उजळ-गडद छटांमध्ये करायचे. पुढे पडदा चौकोनीचा आडवा झाला. 4:3 ची चौकट 16:9 झाल्यावर जे कोपरे पूर्वी दिसतच नव्हते ते दिसू लागले. त्यात एचडी आलं आणि रंगवलेलं खोटं लाकूड पकडलं जाऊ लागलं. प्रत्येक तांत्रिक बदलात सेटचा कुठला तरी भाग पुन्हा शिकावा लागला.

एका नजरेत ओळखू यावं म्हणून

टीव्ही बघणारा माणूस अंधाऱ्या थिएटरात बसलेला नसतो. तो जेवत असतो, भाजी निवडत असतो, रिमोटने वाहिन्या बदलत असतो. त्याची नजर क्षणभर पडद्यावर पडली तरी ‘ही आपली मालिका’ हे कळलं पाहिजे. हे सगळ्यात चांगलं साधलेलं उदाहरण म्हणजे ‘फ्रेंड्स’मधलं मोनिकाचं जांभळ्या भिंतींचं घर. डिझायनर जॉन शॅफनर यांनी जांभळा सुचवला तेव्हा इतरांना तो पटेना. त्यांनी सेटचं छोटं मॉडेल जांभळं रंगवून दाखवलं आणि मग होकार मिळाला. दहा वर्षं ती मालिका चालली आणि तो रंग तिची ओळख बनून राहिला. आपल्याकडेही वाहिनीची मंडळी ‘घराला एक रंग द्या’ असा आग्रह धरतात, त्यामागे हेच असतं.

प्रश्नमंजुषेच्या कार्यक्रमांत तर सेटच नाट्य घडवतो. 1998 मध्ये ब्रिटनमध्ये ‘हू वॉन्ट्स टू बी अ मिलियनेअर’ सुरू झाला. त्याचा सेट अँडी वॉल्मस्ले यांचा. तोवरच्या खेळांत स्पर्धकाला मोकळं वाटावं म्हणून हसरे, रंगीत सेट असायचे. वॉल्मस्लेंनी बरोबर उलटं केलं. स्पर्धकाला अस्वस्थ वाटलं पाहिजे, या विचाराने त्यांनी सेट आखला. पाय नीट टेकत नाहीत अशा उंच खुर्च्या, पायाखाली पारदर्शक जमीन आणि तिच्याखाली आरशासारखी चमकणारी मोठी परात, चारी बाजूंनी अंगावर आल्यासारखे बसलेले प्रेक्षक. रक्कम वाढत जाते तसे दिवे मंदावतात आणि प्रकाशाचे झोत खाली उतरतात. 2000 मध्ये ‘कौन बनेगा करोडपती’ आला तो याच आराखड्यावर. असा परदेशी कार्यक्रम विकत घेतला की सेट कसा असावा याचे नियमही सोबत येतात. तेव्हा इथल्या डिझायनरचं काम उरतं ते इथल्या स्टुडिओच्या उंचीत, इथल्या सुतारांकडून, इथल्या पैशांत तोच परिणाम साधण्याचं. त्यात नवनिर्मिती कमी असेल, पण अभियांत्रिकी भरपूर असते.

बांधलेलं घर आणि खरं घर

प्रत्येक मालिका स्टुडिओतच होते असं नाही. 2016 मध्ये सुरू झालेल्या ‘रात्रीस खेळ चाले’चं चित्रीकरण सावंतवाडीजवळच्या आकेरी गावातल्या एका जुन्या घरात झालं, तर ‘तुझ्यात जीव रंगला’ कोल्हापूरजवळच्या वसगडे गावात. खऱ्या घराचा फायदा उघड आहे. चिऱ्याच्या भिंतीवरचं शेवाळ, पावसाने काळवंडलेली कौलं, पडवीतला अंधार हे प्लायवुडवर आणायला जन्म जाईल. पण खऱ्या घराची भिंत हलत नाही. स्टुडिओत कॅमेरा मागे न्यायचा असेल तर एक फ्लॅट काढून ठेवतात. खऱ्या माजघरात कॅमेरामन कोपऱ्यात अंग चोरून उभा राहतो. कोकणात जूनपासून पाऊस कौलांवर असा वाजतो की संवाद ऐकू येत नाहीत. एखादी वस्तू कमी पडली तर अंधेरीच्या गोदामातून ती तासाभरात येत नाही.

‘रात्रीस खेळ चाले’चं दुसरं पर्व 2019 मध्ये आलं आणि कथा पहिल्या पर्वाच्या आधीच्या काळात गेली. घर तेच. डिझायनरच्या दृष्टीने यासारखा अवघड गृहपाठ नाही. प्रेक्षकाला ओळखू यावं, पण आधीचं वाटावं. म्हणजे दिवे, बटणं, कॅलेंडरं, डबे, पडद्यांचं कापड, टेबलावरचा रेडिओ या सगळ्यांचं वय उलटं मोजायचं. झाडं मात्र कमी करता येत नाहीत. तिथे कॅमेऱ्याचा कोन बदलावा लागतो.

2021 च्या एप्रिलमध्ये करोनाच्या निर्बंधांमुळे महाराष्ट्रात चित्रीकरण थांबलं, तेव्हा अनेक मालिकांची युनिटं गोव्यात गेली. तिथल्या बंगल्यांत आणि रिसॉर्टांत कथा पुढे चालू ठेवायची होती. मे महिन्यात गोव्यातही परवानगी गेली. अशा वेळी कुटुंब अचानक ‘फिरायला’ गेलं असं कथेत येतं, आणि डिझायनर ओळखीची एखादी उशी, नायिकेचा मग, आजोबांचा चष्म्याचा डबा सोबत घेऊन फिरतो. घर बदललं तरी माणसं तीच आहेत हे त्या वस्तू सांगतात.

गोरेगावच्या चित्रनगरीचं वेगळंच. ती संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाला लागून आहे. जुलै 2023 मध्ये एका मराठी मालिकेच्या सेटवर बिबट्या शिरला होता. रात्रभर सेट लावणाऱ्या सुतार-रंगाऱ्यांसाठी ही बातमी नसून कामाची परिस्थिती आहे, हे आपण लक्षात ठेवायला हवं.

इतिहास उभा करायचा तेव्हा

ऐतिहासिक मालिकेत संशोधन हेच निम्मं काम. मौर्यकाळ दाखवायचा म्हटलं की डोळ्यापुढे दगडी महाल येतो. पण त्या काळी इथे आलेल्या मेगॅस्थनीस या ग्रीक वकिलाने पाटलिपुत्राभोवती लाकडी तटबंदी असल्याचं लिहिलं आहे आणि पाटण्याजवळ बुलंदीबागला उत्खननात तशा लाकडी तटाचे अवशेष मिळाले. त्या काळची घरं कशी दिसत असतील हे सांची आणि भारहुतच्या शिल्पांत कोरलेल्या इमारतींवरून ताडता येतं. म्हणजे चंद्रगुप्ताचं नगर उभं करताना संगमरवराचा मोह आवरायचा आणि लाकूड वापरायचं.

शिवकाळाचं असंच. सुरूच्या आकाराचे खांब आणि केळफुलांची नक्षी ही अठराव्या शतकातल्या पेशवाई वाड्यांची ओळख. सतराव्या शतकातल्या गडावर ती सरसकट दाखवली की नजर फसते, आणि प्रेक्षकांच्या एका पिढीच्या मनात चुकीचं चित्र कायमचं बसतं. मला या कामातली सगळ्यात मोठी जबाबदारी हीच वाटते. पुस्तक वाचणारे थोडे. रायगडाचा दरबार कसा होता हे बहुतेक मुलं मालिकेतून शिकतात.

एक कारकीर्द

नितीन चंद्रकांत देसाई यांचा प्रवास हे या व्यवसायाचं आपल्या जवळचं उदाहरण. दापोलीत 1965 मध्ये जन्म, मुंबईत छायाचित्रणाचं शिक्षण, आणि 1987 मध्ये चित्रनगरीत गोविंद निहलानींच्या ‘तमस’ या टीव्ही मालिकेवर प्रवेश. कलादिग्दर्शक होते नितीश रॉय आणि देसाई त्यांचे चौथे सहायक. चौथा सहायक म्हणजे यादी घेऊन धावणारा, मापं घेणारा, रात्री सेटवर थांबणारा. 1991 मध्ये दूरदर्शनवर आलेल्या ‘चाणक्य’चं काम करता करता ते स्वतंत्र कलादिग्दर्शक झाले. त्यानंतर ‘1942 : अ लव्ह स्टोरी’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘लगान’, ‘देवदास’ आणि चार राष्ट्रीय पुरस्कार. ‘लगान’साठी भुजजवळ त्यांनी अख्खं गाव वसवलं.

पण त्यांचं शिक्षण टीव्हीवर झालं, ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. कमी पैशांत, थोड्या वेळात, दर आठवड्याला नवा दरबार किंवा नवी गल्ली उभी करायची सवय तिथे लागते. 2005 मध्ये त्यांनी कर्जतला स्वतःचा स्टुडिओ काढला आणि 2008 मध्ये ‘राजा शिवछत्रपती’ ही मालिका निर्माता म्हणून तिथेच केली. लालबागच्या राजाची सजावटही ते करत. ऑगस्ट 2023 मध्ये त्याच स्टुडिओत त्यांचं निधन झालं. त्याआधी स्टुडिओवर कर्जवसुलीची कारवाई सुरू होती. सेट उभारणं आणि स्टुडिओ चालवणं हे दोन निरनिराळे धंदे आहेत. दुसऱ्यात जमीन, व्याज, वीजबिल आणि रिकामे महिने असतात, आणि त्याचं शिक्षण कुठल्याही कला महाविद्यालयात मिळत नाही.

आग

या विषयावर लिहिताना हा भाग गाळून पुढे जाता येत नाही. 8 फेब्रुवारी 1989 ला म्हैसूरच्या प्रीमियर स्टुडिओत ‘द स्वॉर्ड ऑफ टिपू सुलतान’ या मालिकेच्या सेटला आग लागली आणि 62 माणसं गेली. बंदिस्त जागा, ढिली वायरिंग, हवा खेळायला वाट नाही, भिंतींवर गोणपाट आणि आग विझवायला जवळपास काहीच नाही. 16 सप्टेंबर 2017 ला चेंबूरच्या आर. के. स्टुडिओत एका नृत्यस्पर्धेचा सेट जळाला. तेव्हा जीवितहानी टळली, पण स्टुडिओचा मुख्य भाग आणि जपून ठेवलेल्या जुन्या चित्रपटांच्या वस्तू गेल्या.

सेट म्हणजे प्लायवुड, कापड, थर्माकोल, रंग आणि त्यावर तासन्‌तास तापणारे दिवे. म्हणून नकाशा काढतानाच डिझायनरने सेटच्या मागे माणूस पळू शकेल एवढी गल्ली सोडली पाहिजे, बाहेर पडायला दोन वाटा ठेवल्या पाहिजेत, पडद्यांना आगरोधक द्रव्य लावून घेतलं पाहिजे. ती मागची गल्ली हळूहळू जादा फ्लॅट, खुर्च्या आणि खोक्यांनी भरत जाते. ती रोज मोकळी करून घेणं हे सहायकाचं काम आहे, आणि ‘आज राहू द्या, उद्या बघू’ या उत्तराला तिथे जागा नाही. निर्माता जागा वाचवायला सांगेल. तरी गल्ली सोडायची.

या वाटेला यायचं तर

शिक्षणाचे रस्ते बरेच आहेत. जे. जे. सारखी कला महाविद्यालयं, एफटीआयआय, वास्तुकलेची पदवी, अहमदाबादची एनआयडी ही डिझाइनची संस्था. नाटकाच्या नेपथ्यातून येणारेही पुष्कळ. गणेशोत्सवातल्या मंडळांची आरास करून हात तयार झालेली मुलं मुंबईत या कामाला पटकन सरावतात, कारण थोड्या पैशांत, ठरलेल्या तारखेला, गर्दी सोसेल असं काहीतरी उभं करायचं त्यांना माहीत असतं. संगणकावर ऑटोकॅड, स्केचअप यायला हवंच. पण सुताराला मुद्दा समजावायला पेन्सिलने प्लायच्या तुकड्यावर काढलेलं चित्रच लागतं.

बाजार पायाखाली असावा लागतो. जुनी लाकडी कपाटं आणि घड्याळं चोरबाजारातल्या मटन स्ट्रीटवर, विजेचं सामान लोहार चाळीत, पडद्यांचं कापड मंगलदास मार्केटमध्ये, फर्निचर जोगेश्वरी-ओशिवऱ्याला. पुण्यात जुना बाजार बुधवारी आणि रविवारी, तांब्या-पितळेसाठी आणि देवघरातल्या बारीकसारीक वस्तूंसाठी तुळशीबाग. काय विकत घ्यायचं आणि काय भाड्याने आणायचं याचा हिशोब मालिका किती चालेल या अंदाजावर बसतो. मालिका लांबली तर भाड्याचा सोफा विकतच्या सोफ्याहून महाग पडतो.

पैशांबद्दल स्पष्ट बोललेलं बरं. मालिकेत दोन पद्धती दिसतात. एकीत डिझायनरला ठरावीक मानधन मिळतं आणि साहित्याचा खर्च निर्माता करतो. दुसरीत डिझायनर अख्खा सेट कंत्राटावर घेतो, म्हणजे सुतारांची मजुरीही तोच देतो. दुसरीत फायदा जास्त दिसतो, पण टीव्हीत पैसे 90 दिवसांनी हातात पडण्याची पद्धत आहे आणि मजुरांचं पोट तेवढं थांबत नाही. मधलं भांडवल नसेल तर सुरुवातीला मानधनावरच काम करावं, असं माझं मत आहे. मालिका लवकर बंद झाली तर उरलेली रक्कम केव्हा मिळणार आणि सेटचं साहित्य कुणाच्या मालकीचं, या दोन्ही गोष्टी सुरुवातीलाच लेखी ठरवाव्यात. कामगारांच्या आणि कलादिग्दर्शकांच्या संघटना मुंबईत आहेत; सभासदत्वाचे नियम आधी विचारून घ्यावेत.

वेबमालिकांमुळे अलीकडे आणखी एक दार उघडलं आहे. तिथे सगळे भाग आधी लिहिलेले असतात, म्हणजे काम सिनेमाच्या जवळ जातं. 2019 च्या ‘चेर्नोबिल’ या पाच भागांच्या मालिकेसाठी ल्यूक हल यांना एमी हा टीव्हीचा पुरस्कार मिळाला. त्यांच्या पथकाने लिथुआनियातलं, चेर्नोबिलच्या केंद्राच्याच जातीचं बंद पडलेलं अणुवीज केंद्र आणि सोव्हिएतकालीन वसाहत शोधून वापरली. असं काम करायची संधी आता मराठी डिझायनरलाही दूर नाही. पण सहायक म्हणून पहिली वर्षं रोजच्या मालिकेत काढलेला माणूस तिथे जास्त तयारीने उतरतो, कारण दिग्दर्शकाने ऐन वेळी दृश्य बदललं तरी तो गोंधळत नाही.

कामाचे नमुने दाखवायला जाताना नुसते पूर्ण झालेल्या सेटचे फोटो नेऊ नका. एका खोलीचा जमिनीचा नकाशा, चारी भिंतींची उभी चित्रं, खर्चाचा तक्ता आणि त्याच खोलीचे रिकाम्या जागेपासून तयार होईपर्यंतचे फोटो न्या. खोली आजीच्या घराची असली तरी चालेल. मुलाखत घेणारा अनुभवी असेल तर तो बहुधा खर्चाचा तक्ता आधी उघडेल आणि विचारेल, यातले निम्मे पैसे कमी केले तर काय काढाल आणि काय ठेवाल. त्या प्रश्नाचं उत्तर घरून तयार करून जा.